जपानी मालिकांवर प्रेक्षक आणि समीक्षकांच्या मतांचा किती परिणाम होतो? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सबटायटल्सच्या आधारे जपानी मालिका पाहणाऱ्या मराठी प्रेक्षकांकडून सतत येणारे प्रश्न येथे एकत्र केले आहेत. प्रत्येक उत्तर स्वतंत्रपणे वाचता येईल. एकाच गोष्टीचा संबंध दोन ठिकाणी येतो तेथे दुसऱ्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. जपानी मालिका आपल्याकडच्या दैनंदिन मालिकांसारख्या वर्षानुवर्षे चालतात का?

सहसा नाही. जपानी वाहिन्यांचे वर्ष जानेवारी, एप्रिल, जुलै आणि ऑक्टोबर अशा चार हंगामांत विभागलेले असते. एका हंगामात मालिकेचा आठवड्याला एक भाग दाखवला जातो आणि साधारण नऊ ते अकरा भागांत ती संपते. सार्वजनिक प्रसारण संस्था असलेल्या एनएचकेच्या मालिका याला अपवाद आहेत. तिची सकाळची पंधरा मिनिटांची मालिका, म्हणजे ‘आसादोरा’, सुमारे सहा महिने चालते आणि रविवारी रात्री लागणारी ऐतिहासिक ‘ताइगा’ मालिका जवळजवळ वर्षभर चालते.

मालिका लोकांना आवडली म्हणून पाणी घालून वाढवण्याची सोय या व्यवस्थेत नाही, कारण पुढच्या हंगामाची वेळ आधीच दुसऱ्या मालिकेला दिलेली असते आणि कलाकारांच्या तारखाही त्यानुसार ठरलेल्या असतात. प्रेक्षकांच्या मताचा परिणाम बहुतेक वेळा मालिका संपल्यानंतरच का दिसतो, याचे मूळ येथे आहे.

२. जपानमध्ये टीआरपी कोण मोजते आणि कसा?

हे काम १९६२ साली स्थापन झालेली व्हिडिओ रिसर्च ही कंपनी करते. बातम्यांमध्ये येणारा आकडा बहुधा कान्तो प्रदेशाचा, म्हणजे टोकियो आणि आसपासच्या प्रांतांचा असतो. या प्रदेशात २०१६ पर्यंत केवळ ६०० घरांमध्ये मोजणी होत असे. त्या वर्षी ही संख्या ९०० झाली आणि २०२० च्या मार्चअखेरीस २,७०० वर गेली.

नमुना ६०० घरांचा असताना १० टक्के रेटिंगमागे दोन्ही बाजूंना सुमारे २.४ टक्क्यांची सांख्यिकीय चूक संभवते. २,७०० घरांमध्ये ती सुमारे १.२ टक्के उरते. असे असूनही ‘अमुक मालिका अर्ध्या टक्क्याने घसरली’ अशा बातम्या वर्षानुवर्षे छापल्या गेल्या आणि त्यावरून कलाकारांच्या कारकिर्दीबद्दल निष्कर्षही काढले गेले. हा त्या कलाकारांवर अन्याय होता, असे माझे स्पष्ट मत आहे.

जाहिरातीच्या व्यवहारातही बदल झाला आहे. पूर्वी ‘किती घरांत टीव्ही लागला होता’ हे पाहिले जाई. एप्रिल २०१८ पासून कान्तोमधील सुट्या जाहिरातींचे दर ठरवताना ‘किती व्यक्तींनी पाहिले’ हे पाहिले जाते आणि सात दिवसांच्या आत रेकॉर्डिंग लावून पाहिलेल्या जाहिरातींचाही त्यात हिशेब होतो.

३. प्रेक्षकांनी आरडाओरडा केला तर कथानक मध्येच बदलते का?

फार क्वचित, आणि तेही मालिका लांब पल्ल्याची असेल तरच. त्याचे सर्वांत प्रसिद्ध उदाहरण इंटरनेटच्या कितीतरी आधीचे आहे. एनएचकेच्या ‘ताइकोकी’ या १९६५ सालच्या ताइगा मालिकेत ओदा नोबुनागा या सोळाव्या शतकातील सरदाराची भूमिका ताकाहाशी कोजी यांनी केली होती. होन्नोजी मंदिरात १५८२ साली नोबुनागाचा अंत झाला, हे जपानमधील शाळकरी मुलांनाही ठाऊक असते. तरीही ‘नोबुनागाला मारू नका’ अशी विनवणी करणाऱ्या पत्रांचा एनएचकेकडे पाऊस पडला. इतिहास बदलणे शक्य नव्हते. निर्मात्यांनी होन्नोजीचा प्रसंग पुढे ढकलला आणि नोबुनागाला मालिकेत काही काळ अधिक जगू दिले. प्रेक्षकांच्या शब्दाला इतके थेट वजन मिळाल्याचे दुसरे उदाहरण मला चटकन आठवत नाही.

तीन महिन्यांच्या मालिकेत असे करायला वेळच नसतो. पहिला भाग दाखवला जातो तेव्हा पुढच्या काही भागांचे चित्रीकरण झालेले असते आणि पटकथाही बरीच पुढे गेलेली असते. चित्रीकरण प्रसारणाच्या बरोबरीने चालू राहत असल्याने उत्तरार्धात एखाद्या लोकप्रिय सहाय्यक पात्राला दोन-चार प्रसंग अधिक मिळू शकतात, किंवा शेवटच्या भागाची लांबी पंधरा-वीस मिनिटांनी वाढते. कथेचा कणा मात्र तोच राहतो.

४. चांगले अभिप्राय आले तर रेटिंग खरोखर वाढते का?

वाढते, आणि कसे वाढते हे पाहण्यासाठी टीबीएस वाहिनीच्या दोन मालिका पुरेशा आहेत. एका बँक कर्मचाऱ्याच्या सूडाची कथा सांगणारी ‘हान्झावा नाओकी’ २०१३ च्या जुलैमध्ये १९.४ टक्क्यांवर सुरू झाली. त्यानंतर एकाही आठवड्यात तिचा आकडा आधीपेक्षा खाली आला नाही आणि शेवटचा भाग ४२.२ टक्क्यांवर पोहोचला. ‘दुप्पट परतफेड’ हा तिच्यातील परवलीचा शब्द त्या वर्षीच्या सर्वांत गाजलेल्या शब्दांच्या पुरस्काराचा एक मानकरी ठरला. सोमवारी सकाळी कचेरीत सगळे ज्या भागाबद्दल बोलत आहेत तो आपण पाहिलेला नाही, असे ज्याला वाटले तो पुढच्या रविवारी टीव्हीसमोर बसला.

करारावर लग्न करणाऱ्या जोडप्याची ‘निगेहाजी’ २०१६ मध्ये १०.२ टक्क्यांवर सुरू झाली आणि २०.८ टक्क्यांवर संपली. तिच्या शेवटच्या श्रेयनामावलीतील नृत्य लोकांनी घरोघरी करून त्याच्या चित्रफिती टाकल्या आणि त्यातून मालिकेची तोंडी प्रसिद्धी झाली.

या दोन्ही मालिकांच्या आकड्यांचे वळण मला शेवटच्या आकड्यापेक्षा महत्त्वाचे वाटते. जाहिरात आणि नामवंत कलाकार यांच्या जोरावर पहिला भाग पाहिला जातो. पाचव्या भागाला आलेला नवा प्रेक्षक मात्र कोणीतरी आवर्जून सांगितले म्हणूनच येतो.

५. रेटिंग पडलेले असतानाही एखादी मालिका ‘सुपरहिट’ कशी म्हटली जाते?

कारण यशाची मापे आता एकाहून अधिक आहेत. पाच प्रमुख व्यापारी वाहिन्यांनी ऑक्टोबर २०१५ मध्ये ‘टीव्हर’ ही विनामूल्य सेवा सुरू केली. प्रसारित झालेला भाग साधारण आठवडाभर तेथे पाहता येतो. किती जणांनी मालिका ‘आवडती’ म्हणून नोंदवली आहे, हा आकडाही तेथे सर्वांना दिसतो.

फुजी टीव्हीच्या २०२२ च्या ‘सायलेंट’ या मालिकेने हे चित्र पक्के केले. ऐकण्याची क्षमता गमावलेला तरुण आणि त्याची शाळेतील प्रेयसी यांची ही गोष्ट. प्रसारणाचे रेटिंग एक आकडी राहिले, पण टीव्हरवर तिने तोवरचे विक्रम मोडले आणि चित्रीकरण झालेल्या सेतागाया-दाइता रेल्वे स्थानकावर चाहत्यांची रीघ लागली. पटकथाकार उबुकाता मिकू यांची ही पहिलीच मालिका होती. त्याच निर्मात्याबरोबर त्यांना २०२३ मध्ये आणखी एक मालिका मिळाली आणि २०२४ मध्ये तर फुजी टीव्हीची सोमवारी रात्री ९ ची मानाची वेळ मिळाली. पुढचे काम कोणाला द्यायचे, हे ठरवताना लोकांच्या पसंतीचा सर्वांत ठोस परिणाम होतो.

६. प्रेक्षकांच्या मतामुळे पुढचे पर्व बदलल्याचे एखादे उदाहरण सांगता येईल का?

‘ओस्सान्स लव्ह’. टीव्ही आसाहीने २०१६ च्या अखेरीस एका रात्रीचे विशेष नाट्य म्हणून ही पुरुषांमधील प्रेमाची विनोदी कथा दाखवली आणि २०१८ मध्ये शनिवारी रात्री सव्वाअकराला सात भागांची मालिका केली. रेटिंग चार टक्क्यांच्या आसपास होते, म्हणजे जुन्या हिशेबाने विसरून जाण्याजोगे. शेवटच्या भागाच्या रात्री मात्र मालिकेचे नाव ट्विटरवर जगभरातील चर्चेत पहिल्या क्रमांकावर पोहोचले. २०१९ च्या ऑगस्टमध्ये तिचा चित्रपट आला.

खरी गंमत त्यानंतरची आहे. २०१९ च्या अखेरीस आलेल्या दुसऱ्या पर्वात नायक हारुता आणि त्याचा वरिष्ठ कुरोसावा ही पात्रे ठेवून कथा विमान कंपनीत नेण्यात आली आणि हारुताचा जोडीदार माकी वगळण्यात आला. पहिल्या पर्वाच्या चाहत्यांनी ज्या नात्यासाठी मालिका डोक्यावर घेतली होती तेच नाते गायब झाले होते आणि त्यांनी आपली नाराजी लपवली नाही. जानेवारी २०२४ मध्ये आलेल्या पर्वात हारुता आणि माकी संसार थाटताना दिसतात. वाहिनीने चाहत्यांची मागणी मान्य केली असे कोणी लेखी कळवत नसते, पण मूळ जोडी परत आणण्यामागे ती नाराजी नव्हती, असे मानणे मला तरी कठीण वाटते.

७. व्यावसायिक समीक्षकांचे कोणी ऐकते का?

ऐकते, पण प्रेक्षकांपेक्षा वाहिनीतील माणसे अधिक ऐकतात. गॅलॅक्सी पुरस्कार सर्वांत प्रतिष्ठेचा मानला जातो. प्रसारणाची समीक्षा करणाऱ्यांच्या संघटनेतर्फे तो १९६३ पासून दिला जातो आणि त्यात रेटिंगला स्थान नाही. पटकथाकारांसाठी मुकोदा कुनिको पुरस्कार आहे. ‘द टेलिव्हिजन’ या नियतकालिकाच्या नावाने दर हंगामाला दिल्या जाणाऱ्या पुरस्कारांमध्ये वाचक, परीक्षक आणि टीव्ही पत्रकार अशा तिघांची मते एकत्र केली जातात, त्यामुळे लोकप्रिय गायक-नटांच्या चाहत्यांचा जोर आणि जाणकारांची पसंती एकाच यादीत कशी भिडते, हे तेथे चांगले दिसते.

समीक्षेचे महत्त्व समजून घ्यायचे असेल तर ‘एल्पिस’ पाहावी. एका खून खटल्यात निरपराध माणसाला फाशीची शिक्षा झाली असावी, या संशयाचा माग काढणाऱ्या टीव्ही पत्रकारांची ही कथा खुद्द टीव्ही वाहिन्यांच्या भित्रेपणावर बोट ठेवते. पटकथाकार वातानाबे आया आणि निर्माती सानो आयुमी यांची ही कल्पना वर्षानुवर्षे पडून होती. सानो दुसऱ्या वाहिनीतून कान्साई टीव्हीत आल्यानंतर, २०२२ च्या ऑक्टोबरमध्ये, ती पडद्यावर आली. रेटिंग एक आकडी होते, पण २०२३ मध्ये तिला गॅलॅक्सीचा टीव्ही विभागातील सर्वोच्च पुरस्कार मिळाला. अशा पुरस्काराने जाहिराती वाढत नाहीत. पुढच्या वेळी कोणी अवघड विषय घेऊन आला तर त्याला नकार देणाऱ्या अधिकाऱ्याची बाजू मात्र लंगडी पडते.

८. समीक्षकांनी वाखाणलेली मालिका प्रेक्षकांनी नाकारली, असे झाले आहे का?

झाले आहे, आणि तेही मोठ्या प्रमाणावर. एनएचकेची २०१९ ची ताइगा मालिका ‘इदातेन’ सामुराईंऐवजी जपानच्या ऑलिंपिक प्रवासावर होती. कुदो कान्कुरो यांची पटकथा दोन काळांमध्ये झपाझप ये-जा करत असे. जाणकारांनी तिला गौरवले, पण तिची सरासरी ८.२ टक्के राहिली आणि सरासरी एक आकडी असणारी ती पहिली ताइगा ठरली. १३ ऑक्टोबर २०१९ रोजी रग्बी विश्वचषकात जपानचा स्कॉटलंडशी सामना चालू होता. त्या रात्रीच्या भागाला केवळ ३.७ टक्के मिळाले. तरीही सर्व ४७ भाग ठरल्याप्रमाणे दाखवले गेले. परवाना शुल्कावर चालणाऱ्या संस्थेलाच हे शक्य होते. व्यापारी वाहिनीवर काय होते, ते पुढच्या प्रश्नात आहे.

९. रेटिंग फारच घसरले तर मालिका मध्येच गुंडाळतात का?

होय, पण कमी वेळा, आणि ‘बंद केली’ असे म्हणण्याऐवजी भागांची संख्या कमी केली जाते. फुजी टीव्हीवर २०१२ च्या एप्रिलमध्ये सुरू झालेली ‘काझोकु नो उता’ अकरा भागांची ठरली होती. आकडा ३ टक्क्यांच्या घरात गेला आणि ती आठ भागांत आटोपती घेतली. घाईने बांधलेला शेवट कळतोच.

१०. तक्रारींमुळे मालिकेवर कारवाई झाली आहे का?

जानेवारी २०१४ मध्ये निप्पॉन टीव्हीने ‘आशिता, मामा गा इनाई’ सुरू केली. ती अनाथ मुलांच्या आश्रमातील मुलांवर होती. त्यांतील एका मुलीला ‘पोस्ट’ हे टोपणनाव होते, कारण तिला अर्भकावस्थेत ‘बेबी पोस्ट’मध्ये, म्हणजे सांभाळता न येणारी बाळे नाव न सांगता सोडण्यासाठी ठेवलेल्या पाळण्यात, सोडले होते. कुमामोतोमधील जिकेई रुग्णालय असा पाळणा प्रत्यक्ष चालवते. त्या रुग्णालयाने प्रसारण थांबवण्याची मागणी केली आणि बालसंगोपन संस्थांच्या संघटनेनेही निषेध केला. सर्व आठ प्रायोजकांनी आपल्या जाहिराती मागे घेतल्या आणि तिसऱ्या भागापासून त्या जागी केवळ सार्वजनिक हिताचे संदेश दिसू लागले. वाहिनीने मालिका थांबवली नाही. नऊही भाग झाले, पण पुढच्या भागांत काही बदल केले गेले.

या प्रकरणात दोन्ही बाजूंना वजन आहे. आश्रमातील मुलांना शाळेत त्या नावाने चिडवले जाण्याची भीती खरी होती. त्याच वेळी शेवटपर्यंत पाहिलेल्या अनेकांना ही मालिका त्या मुलांच्या बाजूने उभी आहे असे वाटले. पहिल्या भागावर शेवटचा निवाडा द्यावा का, हा प्रश्न तेव्हापासून जपानी समीक्षेत कायम आहे.

औपचारिक तक्रारींसाठी बीपीओ ही संस्था आहे. एनएचके आणि व्यापारी वाहिन्यांच्या संघटनेने ती २००३ मध्ये स्थापन केली. ती सरकारी नाही. ती प्रेक्षकांची मते नोंदवते आणि वाहिन्यांना आपले मत कळवते.

११. एनएचकेला जाहिराती नसतात, मग त्यांना टीकेची पर्वा कशासाठी?

पैसा प्रत्येक घराकडून येतो म्हणूनच. शिवाय १९८३-८४ च्या ‘ओशिन’ने ५२.६ टक्क्यांची सरासरी गाठल्यापासून सकाळची मालिका हा राष्ट्रीय चर्चेचा विषय आहे. २०१३ च्या ‘आमाचान’ने ट्विटरच्या काळातील प्रेमळ बाजू दाखवली. चाहते रोज पात्रांची चित्रे काढून टाकत. २०२२ च्या ‘चिमुदोन्दोन’ने उलट बाजू दाखवली. ओकिनावा जपानकडे परत आल्याला पन्नास वर्षे झाल्याच्या निमित्ताने केलेल्या या मालिकेतील थोरला भाऊ वारंवार कुटुंबाला कर्जात लोटतो आणि त्याला फारशी शिक्षाही होत नाही. यावर चिडलेले प्रेक्षक ‘हानसेइकाइ’, म्हणजे चुकांचा आढावा घेणारी बैठक, या हॅशटॅगखाली रोज सकाळी एकेक प्रसंगाची चिरफाड करत. पुढच्या मालिकांनाही हा हॅशटॅग चिकटला.

मालिका सहा महिन्यांची असूनही तिची दिशा या टीकेने बदललेली दिसली नाही. त्यातील तपशीलवार टीका मोलाची होती, पण कलाकारांवर झालेल्या वैयक्तिक हल्ल्यांचे समर्थन करता येणार नाही.

१२. ‘कोसात्सु’ म्हणजे परीक्षणच का?

पूर्णपणे नाही. रहस्यमालिकेतील खुणा टिपून पुढे काय होईल याचे तर्क मांडणे म्हणजे कोसात्सु. निप्पॉन टीव्हीची २०१९ ची ‘आनाता नो बान देसु’ दोन हंगाम चालली. सुरुवातीला तिचे रेटिंग साधारण होते, पण खुनी कोण यावर तर्कांचा खच पडू लागला आणि शेवटचा भाग १९.४ टक्क्यांवर गेला. टीबीएसने २०२३ मध्ये ‘व्हिव्हान’चे कथानक प्रसारणाआधी जवळजवळ पूर्ण झाकून ठेवले. ती ११.५ वरून १९.६ टक्क्यांवर पोहोचली. आता वाहिन्या अशा चर्चेसाठी मुद्दाम जागा सोडून लिहितात. याचा तोटाही दिसतो. सगळे लक्ष उत्तरावर राहिले की पात्रांचे दुःख दुय्यम ठरते आणि शेवट तर्काशी जुळला नाही म्हणून चांगली मालिकाही नावडती ठरते.

१३. टीआरपीमध्ये गैरप्रकार झाले आहेत का? अभिप्रायांवर किती विश्वास ठेवावा?

२००३ मध्ये निप्पॉन टीव्हीच्या एका निर्मात्याने व्हिडिओ रिसर्चच्या नमुन्यातील घरे शोधून काढली आणि आपले कार्यक्रम पाहण्यासाठी तेथील लोकांना पैसे दिले, हे उघडकीस आले. नमुना ६०० घरांचा असताना (प्रश्न २ पहा) थोडी घरे फोडणेही धोक्याचे होते.

ताऱ्यांकित गुणांच्या बाबतीत लोकप्रिय कलाकारांचे चाहते पहिल्याच रात्री पूर्ण गुण देतात आणि विरोधक एक तारा देतात. म्हणून पहिल्या भागानंतरचा गुणांक बाजूला ठेवून पाचव्या-सहाव्या भागानंतर लिहिलेले लांब अभिप्राय वाचावेत. त्यांत प्रसंगांचा उल्लेख असतो.

१४. मूळ मांगाचे, म्हणजे जपानी चित्रकथेचे, वाचक नाराज झाले तर काय होते?

हा सर्वांत नाजूक भाग आहे. निप्पॉन टीव्हीच्या २०२३ च्या ‘सेक्सी तानाका-सान’च्या मूळ मांगाकारांनी आपल्या कथेशी प्रामाणिक राहण्याची अट घातली होती आणि शेवटच्या दोन भागांची पटकथा स्वतः लिहिली. पटकथा लिहिणारी व्यक्ती अशी बदलल्याबद्दल सार्वजनिक चर्चा सुरू झाल्यावर जानेवारी २०२४ मध्ये त्यांनी आपली बाजू मांडली. लगेच समाजमाध्यमांवर मालिकेच्या आधीच्या पटकथाकारावर हल्ले सुरू झाले. मांगाकारांनी आपले लेखन काढून टाकले आणि त्यानंतर काही दिवसांतच त्यांचे निधन झाले. वाहिनी आणि प्रकाशक या दोघांनीही २०२४ च्या मे-जूनमध्ये चौकशी अहवाल प्रसिद्ध केले. मालिकेतील बदलांवर टीका करणे हा वाचकांचा हक्क आहे. लेखक, पटकथाकार आणि निर्माते यांच्यात काय ठरले होते हे माहीत नसताना एका व्यक्तीला दोषी ठरवून तिच्यावर तुटून पडणे हा त्या हक्काचा भाग नाही.

१५. आम्ही भारतातून दिलेल्या अभिप्रायांना तिथे काही किंमत आहे का?

प्रसारणाच्या रेटिंगमध्ये अजिबात नाही, आणि टीव्हरही प्रामुख्याने जपानमधील प्रेक्षकांसाठी आहे. पण परदेशी विक्री आणि पुनर्निर्मिती यांचा विचार करताना बाहेरची पसंती पाहिली जाते. टीव्ही टोकियोने २०२० मध्ये रात्री उशिरा दाखवलेली ‘चेरी मॅजिक’ ही छोट्या खर्चाची मालिका परदेशी चाहत्यांनी उचलून धरली. २०२२ मध्ये तिचा चित्रपट निघाला आणि २०२३ च्या डिसेंबरमध्ये थायलंडमध्ये तिची स्वतंत्र आवृत्ती सुरू झाली. ज्यांना मनापासून वजन टाकायचे आहे त्यांनी मालिका अधिकृत ठिकाणीच पाहावी, कारण चोरून टाकलेल्या प्रतीवर कितीही जणांनी कौतुक लिहिले तरी ते पाहणाऱ्यांची मोजणी निर्मात्याच्या हिशेबात येत नाही.